न केलेला फोन

माझ्या नवऱ्याने पैसे खाल्ले असते तर बरं झालं असतं, असं मी खंडपीठाच्या व्हरांड्यात म्हणाले, तेव्हा शेजारी उभ्या असलेल्या वकीलबाई दचकल्या. पण मी मनापासून बोलत होते. पैसे खाणारा माणूस असा का वागला हे निदान कळतं तरी. आमच्या साहेबांनी नगरपरिषदेचा ठेका, शहराचं पाणी आणि पोटची पोर, तिन्ही गोष्टी पणाला लावल्या. त्या कशासाठी, हे शोधायला न्यायालयाला यंत्र मागवावं लागलं.

साहेब म्हणजे उमाकांत बोरसे, कुंभारझरी नगरपरिषदेचे मुख्याधिकारी आणि माझे यजमान. लग्न झालं तेव्हा मी त्यांना कौतुकाने साहेब म्हणायची, आता चिडून म्हणते. मी स्वतः शाळेत विज्ञान शिकवलं, निवृत्त होऊन फार दिवस झालेले नाहीत. आमची एकुलती एक लेक गार्गी.

साहेबांचं नाव सगळ्या जिल्ह्यात होतं ते ठेकेदाराचा चहासुद्धा न पिणारा अधिकारी म्हणून. गार्गी चौथीत असताना एका ठेकेदाराने तिला लाल सायकल पाठवली. तिने अंगणात एक चक्कर मारली असेल नसेल, तोवर हे घरी आले. एका हातात सायकल आणि दुसऱ्या हातात रडणारी पोर धरून ते भर बाजारातून चालत गेले आणि सायकल परत करून आले. लोकांनी वाहवा केली. स्वतःच्या पैशाने दुसरी सायकल घेऊन द्यावी हे मात्र त्यांना सुचलं नाही.

ती पोर पुढे इंजिनिअर झाली, पाणीपुरवठा खात्यात लागली. साहेबांनी गल्लीत पेढे वाटले. आणि तीन वर्षांनी तिने राजीनामा दिला. नसीम नावाच्या मैत्रिणीबरोबर तिने ‘कानोसा’ नावाची कंपनी काढली. जमिनीखालच्या पाइपात पाणी गळतं तिथे पाइपाला बारीक थरथर सुटते. ह्या मुली पाइपावर ठिकठिकाणी चिमुकले कान चिकटवतात आणि ती थरथर ऐकून गळती हातभर अंतरापर्यंत नेमकी सांगतात. रस्ता उगाच खणावा लागत नाही. मला तर अभिमान वाटला. साहेबांना एवढंच ऐकू आलं की मुलगी ठेकेदार झाली.

“माझ्या घरात ठेकेदार जेवणार नाही,” ते म्हणाले. गार्गी अर्ध्या ताटावरून उठली. तेव्हापासून बापलेकीचं बोलणं बंद. ती मला फोन करायची आणि मी गच्चीवर जाऊन बोलायची, जसं काही मीच चोरी करत होते.

कुंभारझरीला तीन दिवसांआड पाणी येतं आणि सोडलेल्यातलं निम्मं वाटेतच मुरतं. शेवटी नगरपरिषदेने गळती शोधून बुजवण्याचा पाच वर्षांचा ठेका काढला. निविदा मागवल्या, आणि त्यांत गार्गीचीही आली. पूर्वी नात्यातल्या माणसाची निविदा आली तर अधिकाऱ्याला बाजूला व्हावं लागे. आता गुण यंत्र देतं, म्हणून नातं जाहीर केलं की पुरे असा नवा नियम आहे. साहेबांनी जाहीर केलं. त्यांनी लिहिलं, “अर्जदार माझी मुलगी आहे. आमचे बोलणे नाही.” सरकारी कागदावर असं वाक्य दुसऱ्या कुणी लिहिल्याचं माझ्या ऐकिवात नाही.

आता त्रुटीचा फोन म्हणजे काय ते सांगते, कारण सगळं रामायण त्यावरूनच घडलं. निविदेत बारीकसारीक कमतरता राहते. कुठे शिक्का नसतो, कुठे दाखला जुना असतो. अशा वेळी मुख्याधिकारी अर्जदाराला तीन दिवसांची मुदत देऊ शकतो. इतर ठिकाणी हे काम कारकून करतो आणि तो फोन विकला जातो. ज्याने हात ओले केले त्याला फोन जातो, बाकीचे बाद होतात. म्हणून साहेब गेली कित्येक वर्षं तो फोन स्वतः करत. “अहो, तुमच्या अमुक पानावर शिक्का राहिलाय, आणून द्या,” एवढंच बोलायचं आणि ठेवायचं. ज्यांचं ते तोंड बघत नसत अशा ठेकेदारांनाही त्यांनी तो केला होता. बोरसे साहेबांचा त्रुटीचा फोन सगळ्यांना सारखा, असं लोक बोलत.

गार्गीच्या हमीपत्राच्या शेवटच्या पानावर सही नव्हती. साहेबांनी फोन केला नाही. निविदा बाद झाली आणि ठेका एका बाहेरगावच्या मोठ्या कंपनीला गेला, तोही चढ्या दराने. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं, असं जग वागतं. आमच्या घरी उलटं.

गार्गी उच्च न्यायालयात गेली. मी तिला गच्चीवरून खूप विनवलं. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, आणि बापाविरुद्ध तर मुळीच नाही, असं बरंच काही बोलले. तिने सगळं ऐकून घेतलं.

“आई, मला ठेका नको,” ती म्हणाली. “मला कारण हवंय.”

लोकांना वाटतं, ठेका चुकीच्या माणसाला गेला की न्यायालय तो काढून बरोबर माणसाच्या पदरात टाकतं. तसं नसतं. कुणाचा दर चांगला, कुणाचं काम सरस, हे ठरवणं नगरपरिषदेचं काम. न्यायालय बघतं ते ठरवणाऱ्याने कसं ठरवलं. आमच्या शाळेच्या भाषेत सांगायचं तर न्यायाधीश पेपर पुन्हा तपासत नाहीत, तपासणाऱ्याने सगळ्या मुलांना एकाच पट्टीने मोजलं का, एवढीच चौकशी करतात. अडचण अशी की मोजणाऱ्याच्या मनात काय होतं हे त्याचं त्यालाच ठाऊक, आणि तो तर नेहमीच म्हणतो की माझं मन स्वच्छ होतं.

ती अडचण प्रतिरूपाने संपवली. ठेक्यांशी संबंध येणाऱ्या प्रत्येक अधिकाऱ्याला काही वर्षांपासून बिल्ला सक्तीचा आहे. रुपयाएवढी चकती, खिशाला लावायची. कामातलं सगळं बोलणं ती टिपते. सुरुवातीला काही हुशार लोकांनी आपला बिल्ला शिपायाच्या छातीवर अडकवला आणि स्वतः हॉटेल गाठलं. म्हणून त्यात नाडी नोंदण्याची सोय आली. प्रत्येकाच्या हृदयाच्या ठोक्यांची ठेवण वेगळी असते, ती जुळली तरच नोंद खरी धरतात. ह्या नोंदी आणि त्या माणसाचे जुने निर्णय संगणकाला शिकवले की तो त्या माणसासारखा ठरवायला लागतो. हेच त्या माणसाचं प्रतिरूप. आधी त्याची परीक्षा होते. त्याने कधीच न पाहिलेल्या जुन्या फायली त्याला देतात आणि त्याचं उत्तर खऱ्या निर्णयाशी ताडून पाहतात. साहेबांचं प्रतिरूप जवळजवळ दरवेळी बरोबर निघालं. मला नवल वाटलं नाही. साहेब काय करतील हे मीही सांगितलं असतं, पण मला कुणी विचारलं नाही.

पुढचा भाग मी सातवीच्या मुलांना दरवर्षी शिकवायची. दोन कुंड्या घ्यायच्या. माती तीच, बी तेच, पाणी तेवढंच. एक उन्हात ठेवायची आणि एक कपाटात. फरक पडला तर तो उन्हामुळे, दुसऱ्या कशामुळे नाही. माणसाच्या निर्णयावर हा प्रयोग करता येत नव्हता, कारण माणूस एकदाच ठरवतो आणि ती वेळ निघून जाते. प्रतिरूपाला तीच निविदा हवी तितक्या वेळा देता येते, दरवेळी एकच गोष्ट बदलून.

सुनावणीला मी गेले. साहेब डावीकडे बसले, गार्गी उजवीकडे. मी मागच्या बाकावर मधोमध बसले, म्हणजे दोघांनाही मी त्यांच्या बाजूची वाटू नये. दोघांचीही मान सारखीच ताठ होती.

नगरपरिषदेच्या वकिलांचा बचाव चांगला होता. मुलगी आहे म्हणूनच साहेबांनी अंतर राखलं, फोन केला असता तर लोकांनी घरचा फोन म्हणून बोटं दाखवली असती, असं ते म्हणाले. मला ते पटलंही. मनात म्हटलं, चला, माणूस मूर्ख असेल पण वाईट नाही.

मग न्यायालयाने नेमलेल्या तज्ज्ञ डॉ. फाल्गुनी इनामदार उभ्या राहिल्या. त्यांनी प्रतिरूपाला तीच निविदा आधी जशीच्या तशी दिली. फोन नाही. कंपनीचं नाव बदललं, फोन नाही. दर बदलला, फोन नाही. मग गार्गीच्या जागी साहेबांचा सख्खा पुतण्या घातला आणि त्याचा नंबर दिला. प्रतिरूपाने लगेच फोन केला. म्हणजे नात्याची अडचण नव्हती. शेवटी त्यांनी सगळं मूळचं ठेवलं, गार्गीच मालक, गार्गीचीच कंपनी, फक्त संपर्कासाठी नसीमचा नंबर घातला.

“फोन केला,” इनामदार म्हणाल्या. “नातं तेच, बोटं दाखवायची भीती तीच. फरक एवढाच की फोन मुलीने उचलायचा नव्हता.”

न्यायमूर्ती बाई होत्या. त्यांनी चष्मा काढला आणि साहेबांना उभं केलं. फोन करायला काय हरकत होती, असं विचारलं. साहेबांनी नियमाचा क्रमांक सांगितला. नियमात मुदत द्यायचं बंधन नाही, ते अधिकाऱ्याच्या मर्जीवर आहे, असं म्हणाले.

“मग बाकीच्या सगळ्यांना का केलात?” बाईंनी विचारलं.

साहेब पुन्हा नियमांचं पुस्तक उघडायला लागले. गार्गी त्यांच्याकडे बघत होती, आणि मला त्या क्षणी दोघांचाही इतका संताप आला की मी पर्स उचलून बाहेर व्हरांड्यात आले. पैसे खाण्याबद्दल बोलले ते तेव्हाच. दोन वर्षं मी वाट बघत होते की कुणीतरी आधी बोलेल. बोललं ते यंत्र.

निकाल स्पष्ट होता. सारख्यांना सारखी वागणूक दिली नाही, निर्णय मनमानी, ठेका रद्द. पण ठेका गार्गीला द्या, असंही न्यायालयाने म्हटलं नाही. आदेश एवढाच, की मुख्याधिकाऱ्यांनी आपल्या नेहमीच्या पद्धतीने, म्हणजे फोन करून, अर्जदाराला त्रुटी कळवावी, हे आठवड्याच्या आत करावं, त्या फोनची बिल्ल्यातली पूर्ण नोंद दोन्ही बाजूंना द्यावी आणि मग निविदा नव्याने तपासाव्यात.

बापाने मुलीला फोन करावा असा उच्च न्यायालयाचा आदेश. गावाला आणखी काय हवं होतं? नगरपरिषदेच्या फाटकावर कुणीतरी खडूने लिहिलं, “साहेब, फोन लावा.” भाजीवालीने मला मेथी निवडून देता देता विचारलं, “लावला का हो?” एका नगरसेवकाने सभेत साहेबांना मोबाइल भेट द्यायचा ठराव मांडला. ज्यांची बिलं साहेबांनी वर्षानुवर्षं कापली होती ते सगळे हसून घेत होते, आणि खोटं कशाला सांगू, मलाही त्यात थोडं बरं वाटत होतं.

खात्याला मात्र लाज वाटली. वरून परिपत्रक आलं की अधिकाऱ्याची वैयक्तिक अडचण असेल तिथे असा फोन त्याच्या प्रतिरूपाने केला तरी चालेल. आवाजही त्याचाच असेल. गार्गीच्या वकिलांनी तिला ते कळवलं. तिने मला सांगितलं तेव्हा ती हसत होती, पण ते हसू मला आवडलं नाही.

“बाबा नाही गं बोलणार,” ती म्हणाली. “त्यांचा पोपट बोलेल.”

मी घरात संप केला. स्वयंपाक करायची, ताट वाढायची, पण बोलायची नाही. दोन वर्षं ह्यांनी पोरीशी बोलणं बंद ठेवलं, तर आता ते कसं असतं ते चाखू देत. साहेब मुकाट जेवत. मुदतीच्या शेवटच्या दिवशी कार्यालयाला सुट्टी होती. जेवण झाल्यावर ते आत गेले आणि इस्त्रीचा शर्ट घालून, खिशाला बिल्ला लावून बाहेर आले. घरात, पायात चपलासुद्धा नव्हत्या.

“प्रतिरूपाला सांगा ना,” मी संप मोडून म्हणाले. “त्याला चांगलं जमतं.”

“माझ्या नावाने दुसरं कुणी बोलणार नाही,” ते म्हणाले आणि टेबलाशी बसले. बिल्ल्यावर हिरवा ठिपका पेटला. नंबर त्यांनी कुठे बघितला नाही, पाठ होता. आवाज मोठ्याने ऐकू येईल असा ठेवला, नियमच तसा आहे.

“नमस्कार. कुंभारझरी नगरपरिषदेतून मुख्याधिकारी बोरसे बोलतोय. ‘कानोसा’च्या संचालकांशी बोलायचं होतं.”

मग गार्गी म्हणाली, “बोला.”

“आपल्या हमीपत्राच्या शेवटच्या पानावर सही राहिली आहे. तीन दिवसांत कार्यालयात येऊन करावी.”

“आवाज अगदी हुबेहूब केलाय,” गार्गी म्हणाली. “घसा बसलेलासुद्धा. तुम्ही प्रतिरूप ना? मला वकिलांनी सांगितलं होतं.”

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी दोन्ही हातांनी खुणा केल्या, सांगा, बाप आहे म्हणून सांगा. ते पुन्हा फोनकडे वळले.

“हो,” ते म्हणाले. “प्रतिरूप.”

मी टेबलावरचा तांब्या उचलला आणि तसाच खाली ठेवला. फेकला असता, पण मला पुढचं ऐकायचं होतं.

“मग बरं झालं,” गार्गी म्हणाली. तिचा आवाज एकदम सैल झाला होता. “तुमच्यापाशी बोलायला काय जातंय. ती सही राहिली नाही. मी केलीच नाही. त्रुटी निघाली की ते स्वतः फोन करतात, शत्रूलाही करतात, हे मी लहानपणापासून बघितलंय. म्हटलं, मलाही करावा लागेल. नोंद होत असेल तर होऊ दे.”

खाण तशी माती. पाच वर्षांचा ठेका एका फोनसाठी डावावर लावणारी पोर, आणि तो फोन न करण्यासाठी तोच ठेका घालवणारा बाप. मी कपाळावर हात मारला.

“एक सांगाल?” गार्गी म्हणाली. “मी काय काम करते हे त्यांनी कधी विचारलं नाही. निविदा आली की मुख्याधिकाऱ्याला ती पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचावीच लागते, म्हणून मी ती भरली. त्यांनी वाचली का?”

“वाचली,” साहेब म्हणाले. “दोनदा. गळतीचे नकाशे फार चांगले आहेत.”

“त्यांनी वाचली की तुम्ही?”

साहेबांनी फोन जवळ ओढला. मला वाटलं, आता तरी.

“मी,” ते म्हणाले.

“तुम्ही वाचून काय उपयोग,” गार्गी म्हणाली. “सही करायला नसीम येईल.” आणि तिने फोन ठेवला.

मग मी जे बोलले ते सगळं इथे लिहिण्यासारखं नाही. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, हे त्यातलं सगळ्यात सौम्य. दोन वर्षांनी पोर बापाशी बोलली, आणि बापाने तिला सांगितलं की तो बाप नाही. यंत्रालाही इतकं निर्दय होता आलं नसतं, त्याला तसं कुणी शिकवलंच नव्हतं. साहेब खाली मान घालून ऐकत राहिले. माझा दम संपला तेव्हा त्यांनी खिशावरच्या बिल्ल्याला हात लावला. ठिपका अजून हिरवाच होता.

“नोंद तिला जाईल,” ते म्हणाले. “सोमवारी. आदेशच आहे.”

मला समजायला जरा वेळ लागला. नोंदीत आवाज असतो, आणि आवाजाखाली नाडी असते. प्रतिरूपाला नाडी नसते.

“अहो, म्हणजे तुम्हाला माहीत होतं?”

“मी तोंडाने सांगितलं असतं तर तिने विश्वास ठेवला नसता,” ते म्हणाले. “ती पुरावा मागते. माझ्यावर गेलीय.”

म्हणजे पोरीने निविदेतून विचारायचं आणि बापाने न्यायालयाने मागवलेल्या नोंदीतून उत्तर द्यायचं. दोघांच्या मधे मी बसलेली, दोघांचे नंबर पाठ असलेली, आणि दोघांनाही माझा उपयोग नाही. हा सगळा सरकारी मार्ग तुडवत तिने आपल्या बापाच्या छातीचे ठोके वाचायचे, तेही कार्यालयीन वेळेत.

“आणि सोमवारपर्यंत?” मी विचारलं. “तोपर्यंत तिने काय समजायचं?”

साहेब काहीच बोलले नाहीत. बिल्ल्याने तेही टिपलं.